कानावरची तीन बोटे

आमच्या माईला यंदा सहस्रचंद्रदर्शन झाले. एक हजार पौर्णिमा पाहायच्या तर माणसाला ऐंशी वर्षे आणि वर सुमारे दहा महिने जगावे लागते. माई तेवढी जगली, आणि त्यांतल्या शे-दोनशे पौर्णिमा तरी तिने खरोखरच अंगणात बसून पाहिल्या असतील. समारंभ करायचे ठरले तेव्हा घरात कामांची वाटणी झाली. कार्यालय आणि जेवण दादाने घेतले, औक्षण आणि पाहुणे वहिनीने. मी शाळेत चित्रकला शिकवते आणि सुटीत कादंबऱ्या लिहिते. असल्या माणसाला घरात बिनकामाचे समजतात. म्हणून जुन्या फोटोंचा स्लाइड-शो माझ्या गळ्यात पडला.

ते काम मला माझ्या भाच्याने शिकवले. तो पुण्याला इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि मी मॅट्रिक. (आमच्या वेळेपर्यंत त्याला दहावी म्हणू लागले होते, परंतु बाबा अखेरपर्यंत मॅट्रिकच म्हणत, आणि मलाही त्या शब्दात थोडा भारदस्तपणा वाटतो. पुढे चित्रकलेच्या परीक्षा दिल्या, तेवढेच माझे शिक्षण.) भाचा म्हणाला, "आत्या, फोटो नुसता ठेवलास ना, तर लोक मोबाइल काढून बसतील. फोटो हलला पाहिजे."

"फोटो कसा हलेल?"

"कीफ्रेम लाव."

ही कीफ्रेम म्हणजे मोठी मौजेची वस्तू आहे. समजा, फोटो पडद्यावर सहा सेकंद ठेवायचा आहे. पहिल्या क्षणी एक खूण करायची आणि यंत्राला सांगायचे, की इथे फोटो पूर्ण दिसू दे. सहाव्या सेकंदाला दुसरी खूण करून सांगायचे, की इथे तो दीडपट मोठा कर आणि माईचा चेहरा मधोमध आण. बस. मधले सगळे यंत्र आपले आपण करते. सेकंदाला पंचवीस चित्रे या हिशेबाने सहा सेकंदांत दीडशे चित्रे होतात. त्यांतली दोन आपली, बाकीची एकशे अठ्ठेचाळीस यंत्राची. पाहणाऱ्याला वाटते, कोणी तरी मायेने पुढे वाकून माईजवळ चालले आहे. गवंडी दोन खुंट्या ठोकतो, मध्ये दोरी ताणतो आणि भिंत त्या दोरीने चढत जाते, तसला हा प्रकार. म्हणून मी त्या खुणांना खुंट्याच म्हणू लागले, आणि भाच्यानेही ते मान्य केले. दोरी ताठ ठेवली तर चित्र धक्का बसल्यासारखे निघते आणि धाडकन थांबते. म्हणून ती दोन्ही टोकांना थोडी सैल सोडायची, म्हणजे हालचाल हळू सुरू होते आणि हळूच विसावते. हे सगळे मला दोन संध्याकाळींत जमले, आणि तिसऱ्या संध्याकाळी मला त्याचे व्यसन लागले.

शब्द मात्र यंत्राच्या आधीचा आहे. डिस्नेच्या चित्रशाळेत हरणाने उडी मारायची असली, तर उडीचा आरंभ, उडीचा कळस आणि जमिनीवरचा पाय अशी मोक्याची चित्रे कसलेला चित्रकार काढी. मधली पुष्कळशी चित्रे काढण्याचे काम हाताखालच्या मंडळींकडे असे. नाव मोठ्यांचे होई, बोटे यांची दुखत.

भाच्याकडून हे शिकल्यावर मी सहावीच्या वर्गात एक खेळ घेतला. फळ्यावर दोन चित्रे काढली. एकात मुलगा आंब्याखाली उभा, दुसऱ्यात तोच मुलगा फांदीवर बसलेला. मधली चार चित्रे मुलांनी काढायची. यंत्राला हे काम दिले असते, तर तो मुलगा जमिनीवरून सरळ रेषेत तरंगत वर गेला असता. त्याला झाड ठाऊकच नाही, त्याला दोन जागा तेवढ्या ठाऊक. बहुतेक मुलांनी त्याला व्यवस्थित चढवले. एका मुलीने मात्र पहिल्या चित्रात तो चढताना दाखवला, दुसऱ्यात खाली पडलेला, तिसऱ्यात गुडघ्याला हळद लावलेला आणि चौथ्यात पुन्हा चढताना. दोन्ही टोके तीच. मी तिला पैकीच्या पैकी गुण दिले आणि घरी येताना वाटभर तिच्या त्या हळदीचाच विचार करीत राहिले.

आपल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली 'अंकुराची वाढ' नावाचा लहानसा चित्रपट केला होता. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा मांडला आणि रोज थोडे थोडे चित्रण करीत महिनाभर त्या रोपट्याचा पिच्छा पुरवला. पडद्यावर तो महिना पळभरात उगवून गेला. डोळ्यांना फसवण्याची कला तीच. परंतु तिथे मधले प्रत्येक चित्र घडलेले होते. रोप एखादे दिवशी कोमेजले असते, तर चित्रातही कोमेजलेले दिसले असते. माझ्या स्लाइड-शोतली मधली एकशे अठ्ठेचाळीस चित्रे कोणी पाहिलेली नाहीत, ती कधी घडलेलीच नाहीत. ती खोटी आहेत असेही म्हणता येत नाही, कारण त्यांतला प्रत्येक ठिपका मूळ फोटोतलाच आहे. नवीन काहीच घातलेले नाही. ठरलेले असते ते एवढेच, की कुठे पाहायचे आणि कधी.

आणि इथेच माझी अडचण सुरू झाली.

माईच्या लग्नाचे मोजून पाच फोटो आहेत, १९६४ सालचे. त्यांतला सर्वांत चांगला कानपिळीचा. लाजाहोमाच्या वेळी वधूचा भाऊ नवरदेवाचा कान पिळतो, आणि नवरदेव त्याला काही तरी देऊन कान सोडवून घेतो, हे वाचकांना सांगायला नकोच. या फोटोत डावीकडे माई, मुंडावळ्यांतून खाली पाहणारी. मध्ये बाबा, दुखत नसताना दुखल्यासारखा चेहरा केलेले. आणि उजव्या कडेला, चवड्यांवर उभा राहून बाबांचा कान धरणारा बारा वर्षांचा मुलगा. तो माझा मामा. हसण्याच्या भरात तो हलला, म्हणून त्याचा चेहरा थोडा पुसट आला आहे. हा फोटो आमच्या माजघरात चाळीस-पंचेचाळीस वर्षे लावलेला होता.

२००८ सालापासून मामा आमच्याकडे येत नाही, आणि माई त्याच्याकडे जात नाही. कारण सांगण्यासारखे आहे, कारण ते घरोघरी आहे. १९९४ साली महाराष्ट्राने मुलींना वडिलार्जित मिळकतीत वाटा दिला, तो तोवर लग्न न झालेल्यांना. २००५ साली केंद्राने कायदा बदलला आणि लग्न झालेल्या मुलींचाही हक्क मान्य केला. मामाने माईकडे हक्कसोडपत्र सहीसाठी पाठवले. आजवर अशा कागदांवर बहिणी न वाचता सह्या करीत आल्या. माईने सही केली नाही. केली नाही म्हणजे, बाबांनी आणि दादाने तिला करू दिली नाही, आणि मी गप्प बसले. नदीकाठच्या जमिनीचे वाटे झाले, माईचा वाटा विकला गेला. कायद्याने जे तिचे होते ते तिला मिळाले. त्यात अन्याय काही नाही. परंतु त्या जमिनीवरचे सोसायटीचे कर्ज मामाने एकट्याने वर्षानुवर्षे फेडले होते, हेही खरे. माईने पैसे दोन्ही मुलांना सारखे वाटले. माझ्या राहत्या घराचे निम्मे कर्ज त्यातून फिटले. ज्या खोलीत संगणक ठेवून मी खुंट्या ठोकीत होते, ती खोली त्या निम्म्यातच येते.

दादा म्हणाला, "कानपिळीचा फोटो घे, पण मामा नको. लोक विचारतील, तो का आला नाही. माईचा दिवस आहे, तिला त्रास नको."

पूर्वी असा प्रसंग आला म्हणजे कात्री लागे. अनेक घरांतल्या आल्बमात असे फोटो असतात. एका बाजूची किनार वाकडी कापलेली, कोणाच्या तरी खांद्यावर बिनधडाचा हात. कात्रीचा गुण हा, की ती कबुली देते. कापलेल्या फोटोकडे पाहून लहान मूल पहिल्यांदा हेच विचारते, "इथे कोण होतं?" खुंट्यांचे तसे नाही. दोन खुंट्या थोड्या डावीकडे ठोकल्या की काम झाले. फोटो अखंड, कापाची खूण नाही, आणि पडद्यावर कॅमेरा इतक्या प्रेमाने माईकडे सरकतो, की कडेला कोणी उरले असेल ही शंकाही येऊ नये.

मी स्वतःशी पुष्कळ वाद घातला. पहिला मुद्दा मीच माझ्या बाजूने मांडला. निवड कोण करीत नाही? फोटो काढणाऱ्यानेही मांडवातली तीनच माणसे घेतली, शे-दीडशे सोडली. आणि स्थिर फोटो तरी कुठला सोवळा? अमेरिकेतल्या यादवी युद्धात, १८६३ साली गेटिसबर्गच्या रणभूमीवर, अलेक्झांडर गार्डनर या छायाचित्रकाराच्या मंडळींनी एका मेलेल्या सैनिकाचे प्रेत सुमारे चाळीस यार्ड उचलून नेले आणि दगडांच्या आडोशाला मांडून त्याचा हृदयद्रावक फोटो काढला. ही गोष्ट उजेडात यायला शंभरावर वर्षे गेली. ते फोटो हलत नव्हते, तरीही खोटे बोलले.

त्याच युद्धावर केन बर्न्स याने १९९० साली एक मोठी चित्रमालिका केली. त्या काळी चलच्चित्रे नव्हती, म्हणून त्याने स्थिर फोटोंवरूनच कॅमेरा फिरवला. एखाद्या पलटणीच्या रांगेवरून तो सावकाश सरकतो आणि एका पोरसवदा शिपायाच्या डोळ्यांवर थांबतो. हा प्रकार पुढे इतका लोकप्रिय झाला, की २००३ साली ॲपल कंपनीने आपल्या चित्रफिती जोडण्याच्या साधनात त्याचेच नाव देऊन तो घातला. बर्न्सच्याही आधी, १९५७ साली, कॅनडातल्या 'सिटी ऑफ गोल्ड' या लहान चित्रपटात सोन्याच्या शोधात गेलेल्या माणसांचे जुने फोटो असेच जिवंत केले होते. तो कॅमेरा गर्दीतल्या अनोळखी माणसांजवळ जातो. ज्यांच्याकडे कोणी वळून पाहिले नसते, त्यांच्याकडे पाहायला लावतो. म्हणजे साधन वाईट नव्हे. खुंटी कोणाला सापडवायला ठोकली आणि कोणाला हरवायला, हा प्रश्न आहे.

तरी एक फरक मला टाळता येईना. आल्बम मांडीवर घेऊन बसले, की प्रत्येकाचा डोळा आपापल्या वाटेने जातो. माई त्या फोटोत शालू पाहते, बाबा स्वतःचे दाट केस पाहत, मी लहानपणी मागच्या खांबाला बांधलेली शेळी पाहत असे. हलत्या फोटोत ते स्वातंत्र्य गेले. डोळ्याचे बोट धरून कोणी तरी त्याला नेते, आणि डोळ्याला वाटते आपणच चाललो. फसवणूक असलीच तर ती इथे आहे. फोटोवर नव्हे, पाहणाऱ्यावर.

दादाच्या बाजूनेही बोलले पाहिजे. तो कपटी नाही. समारंभात चार माणसांपुढे घरातले दुखणे उघडे करू नये, ही सभ्यता आहे, आणि सभ्यतेशिवाय घरे चालत नाहीत. दिवाळीला आपण भिंतीची पोपडी निघालेली जागा कॅलेंडर लावून झाकतोच. त्याला कोणी असत्य म्हणत नाही. परंतु मला धर्मराजाची आठवण झाली. अश्वत्थामा मेला, हे तो मोठ्याने म्हणाला. तो हत्ती, हे हलक्या आवाजात म्हणाला, आणि ते शब्द रणवाद्यांत बुडून गेले. प्रत्येक शब्द खरा. तरीही आजवर जमिनीपासून चार अंगुळे वर चालणारा त्याचा रथ त्या दिवशी भुईला टेकला. आमच्या स्लाइड-शोमागे सनई होतीच.

शिवाय मी कादंबऱ्या लिहिते. दोन प्रसंग ठाऊक असले की मधला माणूस रचायचा, हाच माझा धंदा. त्यामुळे दादाचे चुकते कुठे, ते मला दिसत होते. त्याने मामाच्या आयुष्यात दोनच खुंट्या ठोकल्या आहेत. १९६४ साली पाच रुपये घेतल्याशिवाय कान न सोडणारा मुलगा, आणि २००८ साली आमच्या उंबऱ्यावरून पाणी न पिता गेलेला माणूस. मध्ये सरळ दोरी. मग मामा जन्मापासून लोभी ठरतो. दोरी कुठेही तुटत नाही, तरी मामा तिच्यावर कुठेच सापडत नाही. माझ्या एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट या चित्रकलेच्या दोन्ही परीक्षांचे पैसे मामाने भरले होते. जलरंगांची माझी पहिली पेटी त्याने आणली, ती पावसात भिजू नये म्हणून स्वतःच्या सदऱ्याखाली धरून. बाबांना तो खर्च चैनीचा वाटला होता. आज मी ज्या पगारावर जगते, त्याचे मूळ त्या पेटीत आहे. ही मधली चित्रे मला ठाऊक होती, आणि दादाने "मामा नको" म्हटले तेव्हा मी "बरं" म्हणाले.

काम सोपे होते, एवढ्या एका अडचणीखेरीज. मामा चौकटीबाहेर जाई. परंतु बाबांच्या कानावरची त्याची बोटे जात नसत. बोटे घालवायला फोटो आणखी मोठा केला, तर बाबांचा अर्धा चेहरा कापला जाई. दादा म्हणाला, "बाबांना कापू नकोस. बोटं राहू देत, कोणाच्या लक्षात येणार आहेत?" भाचा काही बोलला नाही. म्हणून सहा सेकंदांतले पहिले दीड सेकंद बाबांच्या कानावर तीन बोटे राहिली, कुणाची ते न सांगता.

समारंभ छान झाला. माईची तुला गुळाची केली, नातवंडांनी ओवाळले. मग दिवे मालवले आणि स्लाइड-शो सुरू झाला. माईच्या दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झालेली आहे, तिला आता माझ्याहून स्वच्छ दिसते. कानपिळीचा फोटो आला. चित्र हळूच हलले आणि माईच्या मुंडावळ्यांकडे निघाले. अंधारात तिचा आवाज आला, नेहमीचा, घरातल्यासारखा मोठा.

"अगं, इकडे कुठं चाललीस? तिकडं सरकव ना. कान कोण धरतंय ते दिसू दे की."

कोणी तरी हसले. बहुतेकांना ती थट्टाच वाटली असावी. चित्र ठोकलेल्या वाटेने जात राहिले. ते कोणाचे ऐकत नाही. माईचा वीस वर्षांचा चेहरा पडदाभर झाला, विसावला आणि पुढचा फोटो आला. दादा माझ्याकडे पाहत नव्हता, मी दादाकडे पाहत नव्हते. माई पुढे काही बोलली नाही. पुढच्या फोटोत माझे बारसे होते.

पाहुणे गेल्यावर, दोन दिवसांनी, मी फाइल पुन्हा उघडली. या वेळी पहिली खुंटी मामाच्या चेहऱ्यावर ठोकायची, असे मी ठरवले होते; तिथून बोटांवरून, बाबांवरून माईपर्यंत यायचे. परंतु मूळ फोटो पोस्टकार्डाएवढाही नाही, आणि मामाचा चेहरा त्यात बोटाच्या पेराएवढा, त्यातही हललेला. इंचाला सहाशे ठिपके घेऊन पुन्हा स्कॅन केला, बाराशे घेऊन केला. काही उपयोग झाला नाही. दुप्पट मोठे करीपर्यंत तो मुलगा हसत असतो. चौपट केला, की हसणे जाते आणि नुसते करड्या रंगाचे चौकोन उरतात. जितके त्याच्या जवळ जावे तितका तो दिसेनासा होई. मला लिहिणारीची सवय, वाटले दोन-चार ठिपके आपणच रंगवून घ्यावेत, डोळे कुठे असतील ते मला ठाऊक आहे. ब्रश हातात घेतला होता. ठेवून दिला.

शेवटी सगळ्या खुंट्या काढल्या. फोटो आहे तसा, कडेपासून कडेपर्यंत, अकरा सेकंद नुसता ठेवला. सनईही काढली. भाच्याला दाखवला तेव्हा तो म्हणाला, "आत्या, हे फार लांबतंय गं." मग स्वतःच पुन्हा एकदा पाहिला आणि विचारले, "मागे शेळी आहे का ती?"

दादाला दाखवला. त्याने पाहिला, काही म्हटले नाही, आणि बंद करायलाही सांगितले नाही. माईने मात्र तीन वेळा लावायला लावला. नंतर म्हणाली, "पाठव त्याच्या मुलीला. तिच्याकडे असतो ना तो मोबाइल?"

मी मामेबहिणीला पाठवला. खाली काही लिहावे की नाही, यात अर्धा तास गेला, लिहिले नाही. रात्री उशिरा दोन निळ्या खुणा उमटल्या. म्हणजे कोणी तरी पाहिला. उत्तर आलेले नाही. भाऊबीज सतरा दिवसांवर आहे, आणि माई रोज दिवेलागणीला, निरांजनात वात सारताना, विचारते, "काही आलं का गं?"